वेशीबाहेरची फांदी

वागाउंग महिना, अमावास्येला तीन दिवस बाकी
मजीगोन

न्यो न्यो,

तू फोन उचलत नाहीस म्हणून हे पत्र. फोन वाजतो वाजतो आणि गप्प बसतो. पत्र तसं नाही, ते तुझ्या घरात पडून राहील आणि कधीतरी केर काढताना तरी हाताला लागेल.

को फो लाच्या गाडीतून पाठवतेय. तोच तो, तुझ्या वर्गातला, सदा नाक गळायचं तो. आता स्वतःची गाडी आहे त्याची. आठवड्यातून दोनदा मंडालेला जातो, अमरापूर वाटेतच पडतं म्हणाला. पत्राबरोबर ताडगूळ, वाळवलेली बोरं आणि मुरवलेला चहाचा पाला आहे. पाला तुला, गूळ पानेईला. मी माझी नात अजून पाहिलेली नाही, पण दहा वर्षांच्या पोरीला गूळ आवडणारच, त्यात काय विचारायचं.

इकडे ठीक आहे. तीळ यंदा बरा आला. तुझा भाऊ विन बो आणि भावजय थिडा अजून थायलंडलाच आहेत, मासळीच्या कारखान्यात. विन बो दर रविवारी फोन करतो आणि औषधं कशी घ्यायची ते मला शिकवतो, जसं काही मी आजवर माती खाऊन जगले. त्यांची थाझिन आमच्यापाशी असते. अकरा वर्षांची झाली. गालाला थनाक्याचा लेप लावायला कंटाळा, केस विंचरायला कंटाळा, पण मला ओरडायचा म्हणून कंटाळा नाही.

तू बापाचं विचारणार नाहीस, तरी सांगते, तुझे अफे बरे आहेत. जरा खोकला आहे, बाकी काही नाही.

एक गंमत सांगते. भात वाढला की पहिला चमचा घरातल्या थोरल्यासाठी काढतात, तो थोरला घरी नसला तरी काढून ठेवतात, हे तुला मी लहानपणी चिमटे काढून शिकवलंय. आपल्या घरात थोरले म्हणजे तुझे अफे. पण ते स्वतःच्या ताटलीतला पहिला चमचा उचलून शेजारच्या वाटीत ठेवतात. रोज. अकरा वर्षं. कुणासाठी म्हणून विचारलं तर म्हणतात, मांजरासाठी. आपल्याकडे मांजर नाही गं.

आता तू म्हणशील, आई असली म्हणजे गोड गोड लिहून मला बोलवायला बघतेय. बघतेच आहे. पण म्हणून जुनं झाकून ठेवत नाही, एकदा लिहूनच टाकते. को ह्ला मो ताडावरून पडला, तुम्ही त्याला शहरातल्या दवाखान्यात नेलं आणि तिसऱ्या दिवशी तो तिथेच गेला. बाहेर गेलेल्या माणसाचं शव गावच्या वेशीच्या आत येत नाही. हा नियम तुझ्या अफेंनी केलेला नाही, त्यांच्या आज्याच्या आधीपासूनचा आहे. फक्त त्या वर्षी गावचं प्रमुखपण त्यांच्याकडे होतं. म्हणून तुझा नवरा वेशीबाहेरच्या धर्मशाळेत राहिला आणि तिथूनच स्मशानात गेला. त्याबद्दल तुझा राग नव्हता, हे मला ठाऊक आहे.

तुझा राग फांदीचा. शव बाहेर राहिलं तरी स्मशानातून एक फांदी तोडून तिच्याबरोबर माणसाचा जीव घरी आणतात. तो जिथे झोपायचा तिथे सात दिवस ठेवतात, सातव्या दिवशी भंतेंना जेवायला बोलावतात आणि मग त्याला जा म्हणून सांगतात. सगळ्यांचं होतं हे. तुझ्या नवऱ्याचं झालं नाही. तू चिंचेची फांदी उराशी धरून वेशीपर्यंत आलीस आणि तुझे अफे चारचौघांत म्हणाले, "फांदी आत येणार नाही." तू मागे फिरलीस ती तशीच, अनवाणी, को फो लाच्या बापाच्या गाडीत जाऊन बसलीस. पोटात पानेई होती हे तर आम्हाला चार महिन्यांनी दुसऱ्याच कुणाकडून कळलं.

ते त्यांनी केलं, नाही म्हणत नाही. मी तिथेच उभी होते. पण घरचा कर्ता माणूस बोलल्यावर मी मध्ये काय तोंड घालणार होते, सांग.

थडिंजूटच्या पौर्णिमेला सगळ्यांची पोरं आई-बापाच्या पाया पडायला येतात. गावात आता निम्मी घरं म्हाताऱ्यांची, तरी त्या दिवशी गाड्याच गाड्या असतात. तू ये. त्यांना तुला भेटायचंय. तसं ते म्हणालेले नाहीत. पण वाटी रोज भरतेय.

तुझी अमे

टॉथलिन महिना, पौर्णिमेनंतरचा दुसरा दिवस
मजीगोन

न्यो न्यो,

तू उत्तर दिलं नाहीस, पण लुंगीचं कापड पाठवलंस. चिठ्ठी नाही, चपाटी नाही, नुसतं कापड, आणि को फो लाला म्हणालीस, "थाझिनला दे." मला नाही, अफेंना नाही. ठीक आहे. कापड हिरवं आहे आणि वीण इतकी घट्ट की मी उलटसुलट करून पाहिली तरी कुठे चूक सापडली नाही. थाझिन ते नेसून तीन घरं फिरून आली. आत्याने विणलंय म्हणून सांगत होती. तिला आत्या आहे हे गावातल्या पोरांना माहीतच नव्हतं, एकीने तर तिला थापाडी म्हटलं, मग मारामारी झाली.

को फो लाकडून मी सगळं काढून घेतलं. बिचारा चहा प्यायला बसला आणि अडकला. घर लहान आहे पण स्वच्छ आहे म्हणाला. दोन माग आहेत. पानेई काळीसावळी आहे, अगदी तुझ्यासारखी, आणि बापासारखी एका गालाने हसते. तुझ्या मागाच्या वर आढ्याला कसली तरी वाळकी काटकी दोऱ्याने बांधली आहे, असंही म्हणाला. तो म्हणतो सूत तुटू नये म्हणून काहीतरी तोडगा असेल. असले तोडगे करू नकोस बाई, धूळ साठते आणि कोळी होतात.

आता खरं लिहिते. मागच्या पत्रात खोकला म्हटलं ते खोटं नव्हतं, पण पुरतं खरंही नव्हतं. थुंकीतून रक्त पडतं. वजन इतकं उतरलंय की लुंगीची गाठ मारली की एक वीतभर जास्तीची लोंबते. शहरातून महिन्याला एक डॉक्टर येतो, त्याने सांगितलं की दाखल करा. आठवड्यात करा.

मग जे रामायण झालं ते विचारू नकोस. विन बो फोनवर ओरडला की आई तू अडाणीपणा करू नकोस, आजच्या आज गाडी कर. गावातले म्हातारे येऊन बसले आणि तुझ्या अफेंना म्हणाले की ऊ म्या डिन, सत्तरी उलटली, आता दवाखान्यात जाऊन सुया टोचून घेण्यापेक्षा आपल्या अंथरुणावर पडा. तिथे काही झालं तर परत कसे येणार? सगळे वेशीच्या दिशेला बघत होते. ज्या माणसाने जावयाची फांदी परत पाठवली, त्याला कोणत्या तोंडाने आत आणायचं, हे सगळ्यांच्या मनात होतं. माझ्याही.

मी म्हाताऱ्यांच्या बाजूने होते की डॉक्टरच्या, ते मलाच कळेना. रात्रंदिवस खोकताना बघवत नाही, आणि पाठवायचा धीर होत नाही. मी म्हटलं, इथेच राहा, मी करते सगळं. तीन दिवस ते नुसती काठी तासत बसले. चौथ्या दिवशी सकाळी वेशीवरच्या राखणदाराला नारळ आणि केळी ठेवून आले, एकटेच, काठी टेकत. आल्यावर म्हणाले, को फो लाला सांग, परवा मला शहरात सोड.

मी विचारलं, एकाएकी असं काय झालं? म्हणाले, डॉक्टर शिकलेला माणूस आहे, त्याचं ऐकावं. आयुष्यात त्यांनी कुणाचं ऐकलंय गं? तुझंही नाही ऐकलं, माझं मात्र... जाऊ दे. परवा निघतोय. थाझिन शेजारणीकडे, दॉ टिन च्वेकडे राहील.

शहर तुझ्यापासून चार तासांवर आहे. एवढंच लिहिते.

तुझी अमे

थडिंजूट महिना, चढत्या चंद्राचा पाचवा दिवस
शहरातला दवाखाना

न्यो न्यो,

व्हरांड्यात चटई टाकून लिहितेय. इथे प्रत्येक रोग्यामागे एक बाई चटईवर. आम्ही सगळ्याजणी एकाच चुलीवर भात शिजवतो आणि कुणाचा नवरा किती जेवला ते एकमेकींना सांगतो. मी रोज दोन चमचे जास्तच सांगते.

ते जेवत नाहीत. पण वाटी घेऊन आलेत घरून. मी भात नेला की पहिला चमचा वाटीत ठेवतात, मग दुसरा चमचा हातात धरून बसतात. शेजारच्या खाटेवरच्या माणसाने विचारलं, आजोबा, ते कुणासाठी? मला वाटलं मांजर म्हणतील. म्हणाले, "मोठी मुलगी आहे. अमरापूरला असते. तिचे माग आहेत." अकरा वर्षांत त्यांच्या तोंडून तुझा उल्लेख पहिल्यांदा ऐकला, तोही एका अनोळखी माणसाच्या नशिबी.

डॉक्टरीण तुझ्या वयाची आहे. माझ्याशी नीट बोलते, हाताला धरून बसवते आणि मग सांगते. दोन्ही फुप्फुसं गेलीत. महिना नाही म्हणाली. आठवडा असेल. घरी न्यायचं असेल तर आत्ताच न्या, नंतर वाटेत झेपणार नाही.

मी त्यांना म्हटलं, चला घरी. जिवंत आहात तोवर वेस ओलांडू, मग कुणाची हरकत नाही. त्यांनी मान हलवली, नाही म्हणून. मी रडले, भांडले, बाजूच्या बायकांनी समजावलं. हे आपले छताकडे बघत पडलेत. हट्टी माणूस आहे, तू त्यांच्यावरच गेलीस.

गावाकडून को थेट भेटून गेला. तो आता गावचा प्रमुख आहे, तीस-बत्तीसचा पोरगा, सारखा फोन कानाला. पण मनाने चांगला. मला बाजूला घेऊन म्हणाला, "काकी, काळजी करू नका. आता कोण बघतंय जुने नियम? तरी कुणाला बोलायला जागा नको म्हणून एक करू. काही झालं तरी नाकातली नळी काढायची नाही. गाडीतून तसेच आणू आणि आपल्या अंगणात पोचलो की म्हणू, आत्ताच गेले." पलीकडच्या गावात दोनदा असं केलंय म्हणे. सगळ्यांना ठाऊक असतं आणि सगळे मान डोलावतात. मी त्याला हो म्हटलं. यात काही वाईट आहे का? मला तर काही वाटत नाही.

तुझ्या अफेंनी तुला एक गोष्ट सांगायला सांगितली आहे. दोनदा सांगितली. "न्योला खरं सांग," असं म्हणाले. काय खरं ते पत्रात लिहिण्यासारखं नाही. तू आलीस की समोर बसून सांगेन.

ये गं. त्यांच्यावर राग आहे ना, तर तो घेऊन ये. खाटेशी उभी राहून दोन शब्द सुनाव. ते ऐकून घेतील. ऐकू अजून चांगलं येतं.

तुझी अमे

थडिंजूट महिना, चढत्या चंद्राचा दहावा दिवस
वेशीबाहेरची धर्मशाळा

न्यो न्यो,

तुझे अफे परवा, आठव्या दिवशी सकाळी गेले. को फो लाने तुला निरोप दिला असेल. तू आली नाहीस. मी बोल लावत नाही, आधी हे पत्र वाच.

मी पत्रात लिहिण्यासारखं नाही म्हटलं होतं. समोर बसून सांगेन म्हटलं होतं. ते सगळं माझ्या सोयीचं होतं. समोर असतीस तर तुझ्या तोंडाकडे बघून मी पुन्हा काहीतरी दुसरंच सांगितलं असतं. कागदाला तोंड नाही, म्हणून इथे लिहिते.

फांदी मी अडवली.

तुला आठवत असेल, थिडा तेव्हा चार दिवसांची बाळंतीण होती. आतल्या खोलीत शेकोटी पेटती ठेवून बसवलं होतं तिला, अंगाला हळद लावून. थाझिन एवढीशी, उंदराच्या पिल्लासारखी, दूध ओढत नव्हती. आणि तुम्हा नवराबायकोची झोपायची जागा त्या खोलीला लागून, मध्ये एक बांबूचा कूड. माझ्या डोक्यात एकच बसलं. तरण्या वयात पडून गेलेला माणूस, त्याचा जीव भुकेला असतो, तो कोवळ्या बाळाला ओढतो. माझ्या आईने माझा धाकटा भाऊ असाच गेला म्हणून सांगितलं होतं. मी तुझ्या अफेंना त्या सकाळी विहिरीपाशी गाठलं. म्हटलं, फांदी आत आली तर मी बाळ आणि बाळंतीण घेऊन माझ्या माहेरी जाईन, परत येणार नाही. ते म्हणाले, "ती आपली पोर आहे." मी म्हटलं, "आणि ही आपली नात आहे." त्यांनी रिकामी बादली उचलली आणि पुन्हा विहिरीत सोडली. मग मी आणखी एक बोलले. म्हटलं, मी असं म्हणाले हे तिला कळता कामा नये. तुम्ही प्रमुख आहात, तुमच्या तोंडून आलेलं चालेल. आई वाईट झाली तर मुलगी कुणाकडे जाणार?

ते वेशीवर गेले आणि बोलले. पुढचं तुला माहीत आहे.

अकरा वर्षं त्यांनी मला एकदाही ऐकवलं नाही. भांडणातसुद्धा नाही. मी सगळ्या गावाला सांगत फिरले की कर्त्या माणसापुढे बाईचं काय चालतं. तुलाही तेच लिहिलं, दीड महिन्यापूर्वी, या हाताने. लाज वाटली नाही. खोटं इतकं जुनं झालं होतं की मला ते आपलं खरंच वाटायला लागलं होतं.

आणि ती काटकी. तुझ्या मागावरची. को फो ला बोलला त्या क्षणी मला कळलं होतं कसली ते. धूळ आणि कोळी लिहिलं ते तोंड लपवायला. तू त्याला सोडलंच नाहीस ना गं? ज्याला सात दिवसांत जा म्हणायचं, त्याला अकरा वर्षं आढ्याला बांधून ठेवलंस. कुठे जा म्हणणार होतीस, घरात पाऊलच टाकू दिलं नाही त्याला. मी विहारातल्या भंतेंना विचारलं, त्याला काही त्रास झाला असेल का? ते म्हणाले, धर्मात फांदीचं काही लिहिलेलं नाही, मेलेला माणूस आपल्या कर्माप्रमाणे त्याच घडीला पुढे जातो. मग मी म्हटलं, मग माझी मुलगी का थांबलीय?

आता परवाचं सांगते. डॉक्टरिणीने नळी काढायला हात पुढे केला तर मी धरला. तिला को थेटने समजावलं, तिने तोंड फिरवलं आणि काढली नाही. गावाकडे जाताना गाडीत मी त्यांच्या डोक्याशी बसले. को थेट पुढे, फोनवर सांगत होता की अंगण झाडून ठेवा. सगळं ठरल्यासारखं चाललं होतं. मला बरंही वाटत होतं, तुला खोटं का सांगू. आपल्या अंथरुणावर, आपल्या घरात, भंते येतील, शेजारीपाजारी येतील, सगळं रीतसर.

फक्त एक मी को थेटला सांगितलं नव्हतं, आणि तुलाही नाही. जाण्याच्या आदल्या दिवशी त्यांनी माझं मनगट धरून सांगितलं होतं, "मला आत नेऊ नका. त्या पोराला ठेवलं तिथे ठेवा." मी म्हटलं, बरं. मनात म्हटलं, माणूस तापात बोलतोय. ताप नव्हता. मला आता असंही वाटतं की ते दवाखान्यात बरे व्हायला गेलेच नव्हते. राखणदाराला नारळ ठेवून आले तेव्हाच त्यांनी ठरवलं असणार. विचारायला आता ते नाहीत.

वेस आली. चिंचेखाली तीच धर्मशाळा, तेच मोडकं बाकडं. गाडी जरा हळू झाली, आणि मला को ह्ला मोचे पाय दिसले. तुला सांगते, भुताबिताचं नाही. त्या दिवशी त्याला बाकड्यावर ठेवलं तेव्हा तो उंच म्हणून पाय बाहेर राहिले होते आणि तू आपला पंचा काढून ते झाकत होतीस. मी लांबून बघत होते. ते अकरा वर्षं मला आठवलं नव्हतं, ते एकदम आठवलं. मी को थेटच्या पाठीवर थाप मारली आणि म्हटलं, "गाडी थांबव. हे सकाळीच गेलेत, शहरात."

को थेट म्हणाला, "काकी, आपलं ठरलं होतं ना?"

मी म्हटलं, "ठरलं होतं. आता मी मोडतेय."

लोक जमले. आमच्यासाठी तरी आत न्या म्हणाले. दॉ टिन च्वे रडायला लागली. एक-दोघे रागावलेही, की एवढं आम्ही सांभाळून घ्यायला निघालो आणि ही बाई चव्हाट्यावर आणते. मी नळी काढली. स्वतःच्या हाताने. मग चौघांनी त्यांना उतरवलं आणि त्याच बाकड्यावर ठेवलं. ते बुटके, त्यांचे पाय मावले. काल तिथूनच नेलं.

स्मशानात मी फांदी तोडली, चिंचेचीच. ती घेऊन वेशीपर्यंत आले आणि आत गेले नाही. इथेच बसलेय, धर्मशाळेत, कालपासून. फांदी शेजारी आहे. सगळे समजावून थकले. थाझिन डबा आणते आणि मला ओरडते.

सातवा दिवस चौदाव्याला येतो, पौर्णिमेच्या आदल्या दिवशी. माझी ही फांदी तोवर इथेच राहील. तू तुझी घेऊन ये. दोन्ही एकदमच आत जातील, दोघांची नावं एकदमच घेतली जातील, भंतेंना मी सांगून ठेवलंय. तू आली नाहीस तर ही पण आत जाणार नाही. हा तुझ्यावर दबाव आहे का? आहे. मी दुसरं काही शिकलेच नाही, माणसाला कोंडीत धरायचं एवढंच येतं मला. पण या वेळी जे धरतेय ते तुला आत आणायला.

को फो ला तेराव्याला तिकडून निघतो. पुढची सीट दोघींसाठी ठेव म्हणून सांगितलंय.

तुझी अमे

थडिंजूट पौर्णिमेनंतरचा सहावा दिवस
मजीगोन

न्यो न्यो,

फोन केला तर उचलशील बहुतेक, पण मला आता पत्राची सवय लागलीय. पानेईची लाल फीत इथे राहिली. थाझिनने ती स्वतःच्या केसांत बांधलीय आणि परत देणार नाही म्हणते. दोघी दोन दिवसांत इतक्या भांडल्या की काय सांगू, आणि तुम्ही गेल्यापासून ही जेवताना गप्प असते. सुट्टीत पानेईला पाठव.

तू माझ्या पाया पडली नाहीस. अफेंच्या जागेसमोर तीनदा डोकं टेकलंस, मग उठलीस आणि माझ्या समोरून चहा करायला गेलीस. शेजारणी बघत होत्या. दॉ टिन च्वे नंतर मला म्हणाली, पोर अजून रागात आहे. मी म्हटलं, असू दे, मी मिळवलेला आहे तो.

वाटी मी काढून ठेवलेली नाही. आता भाताचा पहिला चमचा मी त्यांच्यासाठी काढते, रीत आहे तीच. थाझिनने विचारलं, हे कुणासाठी? माझ्या तोंडून निघून गेलं, मांजरासाठी. मग दोघी हसलो आणि मग मी रडले. ते गेल्यापासून पहिल्यांदा.

एक गोष्ट मात्र लिहायची आहे, कारण ती तुझ्याशी तोंडाने बोलायला जमणार नाही. तू गाडीतून उतरलीस तेव्हा मी वेशीवर उभी होते, माझी फांदी हातात. सकाळपासून उभी होते, तुला बघायचं म्हणून. तू ती वाळकी काटकी फडक्यात गुंडाळून आणली होतीस. एवढीशी राहिलीय, बोटाएवढी. मी पुढे झाले, काहीतरी बोलायचं होतं, पाच दिवस मनात जुळवून ठेवलं होतं. तू मला ओलांडून मागे पाहिलंस. तिथे थाझिन उभी होती, तुझी हिरवी लुंगी नेसून. तू तिला जवळ बोलावलंस आणि ती काटकी तिच्या ओंजळीत ठेवलीस. ज्या पोरीसाठी मी ती अडवली होती, तिच्याच हातात दिलीस आणि म्हणालीस, चल, तुझ्या काकांना घरी ने.

तिला काही कळलं नाही. ती दोन्ही हातांनी धरून निघाली, पाणी सांडू नये तसं. आणि मी, गं, मी नेमकी वेशीच्या दोन खांबांच्या मध्ये उभी होते. तू माझ्याकडे वळलीस. अकरा वर्षांत पहिल्यांदा माझ्याशी बोललीस.

"अमे, वाटेतून बाजूला हो."

मी झाले. एवढंच करायचं होतं गं तेव्हा.

तुझी अमे